सील, दोरी आणि कॅमेरा

मघाशी आपण 'नानूक ऑफ द नॉर्थ' पाहिला. त्यावर बोलायचं तर आधी आमचीच चूक सांगतो. रूसो शिकवताना आम्ही वर्षानुवर्षं याच मूकपटाचा दाखला द्यायचो : हा बघा निसर्गातला माणूस! एकदा मागच्या बाकावरच्या एका पारधी मुलानं विचारलं, "सर, त्याच्याकडं बंदूक नव्हती का?" आम्ही विषय बदलला.

बंदूक होती. 1922 साली हा चित्रपट आला, तेव्हा कॅनडातल्या त्या इनुइट लोकांच्या हातात बंदुका केव्हाच आल्या होत्या. दिग्दर्शक फ्लाहर्टींना त्या पडद्यावर नको होत्या. नायकाचं नावही नानूक नव्हे, अल्लाकारिआलाक. इग्लूत उजेड पुरेना, कॅमेरा मावेना, म्हणून अर्धाच इग्लू बांधला. या सगळ्याला पैसा कोणाचा, तर फरच्या व्यापाऱ्यांचा!

सीलचा प्रसंग आठवा. बर्फाखालच्या सीलला श्वासाला वर यावंच लागतं. त्याची भोकं अनेक. कुठल्या भोकाशी येईल, नेम नाही. शिकाऱ्यानं पाय न वाजवता तासन्‌तास थांबायचं. खरी विद्या त्या थांबण्यात आहे. चित्रपट ते थोडक्यात उरकतो आणि दोरीची ओढाताण लांबवतो. आपण हसलोही. पण शेवटी वर येतो तो सील आधीच मेलेला होता. जुनं जगणं टिपायचं होतं म्हणून नाटक केलं, हा बचाव आम्हाला एकवेळ मान्य आहे. शिकाऱ्याला विदूषक केलं, ते मान्य नाही.

हे जेऊरला कशाला सांगायचं? आपल्या माळावरचा फासेपारधी तित्तराची वाट ओळखून फास मांडायचा. गायपारधी गाईच्या आडोशानं हरणाजवळ जायचा. तीही थांबण्याचीच विद्या. 1871 च्या कायद्यानं अशा जमातींना जन्मानं गुन्हेगार ठरवायला सुरुवात केली. सोलापुरात तारेच्या कुंपणाची सेटलमेंट होती. 1952 ला तो शिक्का कागदावरून गेला. 1972 च्या वन्यजीव कायद्यानं शिकार बंद झाली. माळढोक वाचलाच पाहिजे, त्यात दुमत नाही. पण माळ नांगरले कोणी, हे पारध्याला विचारून काय उपयोग?

तिकडेही तेच. 2009 ला युरोपनं सीलच्या मालावर बंदी घातली. इनुइटांना सवलत दिली, पण बाजारच बसला. सवलत घेऊन विकायचं कुणाला? यावर अलेथिया अर्नाकुक-बारिल या इनुइट बाईंनी 2016 ला 'अँग्री इनुक' काढला. त्यात शिकारी बंदूक वापरतो, फोनही वापरतो, आणि कुणासाठी ते लपवत नाही. पुढच्या महिन्यात तोच लावावा, अशी आमची संयोजकांना विनंती आहे. पारधी वस्तीवर निरोप आम्ही स्वतः देऊ.