आईची शिस्त व मुलीची कला

वेळापूरचें अर्धनारीनटेश्वराचें देऊळ आमच्या वाचकांपैकीं अनेकांनीं पाहिलें असेल. ज्ञानेश्वरांच्या पालखीच्या वाटेवरचेंच तें गांव. एका देहांत स्त्री व पुरुष कल्पिणाऱ्या देवास आपण हात जोडतों. परंतु एखाद्या आईनें बापाचेंही काम एकटीनें केलें, तर तिची बोळवण 'त्याग' या एका शब्दावर करतों. हा शब्द किती अपुरा आहे, तें शकुंतला परांजपे व त्यांची कन्या सई परांजपे यांच्या उदाहरणावरून दिसतें.

शकुंतलाबाई रँग्लर परांजप्यांच्या कन्या. त्या केंब्रिजला गणित शिकल्या, १९३७ सालीं 'कुंकू' या चित्रपटांत त्यांनीं चित्राची भूमिका केली, आणि संततिनियमनाच्या प्रचारासाठीं लोकनिंदा सोसली. रशियन चित्रकाराशीं झालेला त्यांचा विवाह टिकला नाहीं. १९३८ सालीं जन्मलेली मुलगी त्यांनीं वडिलांच्या घरीं वाढविली. तिचें पहिलें पुस्तक, 'मुलांचा मेवा', ती आठ वर्षांची असतांना छापून निघालें. मुलाच्या गोष्टी ऐकून हंसणारे आईबाप पुष्कळ. त्या लेखनास पुस्तकाचा मान मिळवून देणारे विरळा.

पुढें सईबाई आकाशवाणी, राष्ट्रीय नाट्यविद्यालय व दूरदर्शन या मार्गानें चित्रपटाकडे वळल्या. बायकांनीं पडद्यावर दिसावें हें तोंवर समाजानें मान्य केलें होतें. पडद्यामागें उभें राहून हुकूम सोडावा, हें मात्र नवलाचेंच होतें. 'स्पर्श' (१९८०), 'चश्मेबद्दूर' (१९८१) व 'कथा' (१९८३) हे त्यांचे चित्रपट रसिकांच्या स्मरणांत आहेत. 'स्पर्श'च्या पटकथेस राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. बाळपणीं ज्या हातांत लेखणी आली, त्याच हाताचा हा गौरव, असें आम्ही मानतों.

'स्पर्श'चा विषय येथें मुद्दाम आठवण्याजोगा आहे. अंधशाळेचा अंध मुख्याध्यापक मदत नाकारीत नाहीं, दया नाकारतो. मदत करणारानें आपला मोठेपणा मध्यें आणला, कीं घेणाराचा स्वाभिमान दुखावतो, हें त्या चित्रपटाचें मर्म. आईचा आधारही याच कसोटीस लावावा. मुलासाठीं आपण काय काय सोडलें याचा हिशेब ठेवणारी आई मुलास ऋणको करते. स्वतःचें काम न सोडतां मुलास कामास लावणारी आई त्यास मोकळें करते. शकुंतलाबाई १९६४ ते १९७० या काळांत राज्यसभेच्या नामनियुक्त सभासद होत्या. मुलीपुढें त्यांनीं ठेविला तो उपदेशापेक्षां स्वतःचा उद्योग.

यावर कोणी म्हणेल, रँग्लरांच्या घरीं हें साधलें. माळशिरस तालुक्यांतील एखाद्या शेतकरी माउलीनें काय करावें? आक्षेप खरा आहे. ग्रंथ, परदेशप्रवास व नांवलौकिक हें भांडवल थोड्यांच्याच वांट्यास येतें, आणि तें नाकारून आईचा गौरव करणें अप्रामाणिकपणाचें होईल. शिवाय कलाकृतीचें श्रेय कलावंताचेंच. आईस तें वांटून देणें दोघींवरही अन्याय आहे. तथापि मुलीनें लिहिलेला कागद रद्दींत न टाकतां वाचणें, आणि लग्नाच्या प्रश्नाआधीं कामाचा प्रश्न विचारणें, यांस द्रव्य लागत नाहीं.

'श्यामची आई' आपण घरोघरीं पूजिली, तें योग्यच झालें. तिच्या शेजारीं या दुसऱ्या आईसही जागा द्यावी, एवढीच आमची विनंती आहे.