शेवटच्या फेरीचा नियम

नेटफ्लिक्सच्या 'ड्राइव्ह टू सर्व्हाइव्ह'चा चौथा सीझन एकदा सुरू केला की फोन खाली ठेववत नाही. २०२१चा फॉर्म्युला वन मोसमच तसा होता. शेवटच्या शर्यतीआधी लुईस हॅमिल्टन आणि मॅक्स वर्स्टॅपन यांचे गुण अगदी सारखे होते, ३६९.५. त्यातला अर्धा गुणही बोलका आहे. बेल्जियमला पावसात सगळे सेफ्टी कारमागे फिरले, खरी शर्यत झालीच नाही, तरी अर्धे गुण वाटले गेले. या मोसमाचा खरा प्रश्न तिथेच समोर आला: नियम कुणासाठी असतो?

मालिकेला या प्रश्नात फारसा रस नाही, तिला भांडण हवंय. रेड बुलचे हॉर्नर आणि मर्सिडीजचे वोल्फ एकमेकांना टोमणे मारतात आणि दहा भाग सरतात. खोटी वैरं रंगवली जातात म्हणून वर्स्टॅपनने तर मुलाखतच दिली नाही.

१२ डिसेंबरला अबू धाबीत लतीफीची गाडी धडकली, सेफ्टी कार आली. रेस डायरेक्टर मायकेल मासी यांनी दोघांमधल्या पाचच गाड्यांना पुढे जाऊ दिलं आणि शेवटची एक फेरी मोकळी करून दिली. नव्या टायरवरचा वर्स्टॅपन जिंकला. पुढे एफआयएच्या अहवालाने 'मानवी चूक' मान्य केली, मासींचं पद गेलं, निकाल मात्र तोच राहिला.

चारच दिवसांनी, १६ डिसेंबरला, सुप्रीम कोर्टाने महाराष्ट्रातल्या बैलगाडी शर्यतींना सशर्त परवानगी दिली. २०१४च्या बंदीनंतर अलिबागच्या वाळूवर पुन्हा उघडपणे गाड्या पळू लागल्या. अटी स्पष्ट आहेत: बैलांची पशुवैद्यकीय तपासणी हवी, चाबूक-काठी नको. आता या शर्यतींचे रील बघा. ड्रोन, ढोल, स्लो मोशन, गुलालात न्हालेली जोडी. गाडीवानाच्या हातात काय आहे, ते फ्रेममध्ये येतच नाही. नेटफ्लिक्सचीच ही रीत: निकाल दाखवायचा, नियम कापायचा.

पण हॅमिल्टनला रेडिओवरून तक्रार करता येते. बैलाची बाजू फक्त त्या अटींमध्ये लिहिलेली आहे. त्या पाळल्या जातात का, हे बघणाऱ्यानेच बघायचं.

मालिका जरूर बघा, ती रंगतदार आहे. फक्त शेवटच्या भागात त्या पाच गाड्या मोजा. आणि किनाऱ्यावरचं पुढचं रील आलं, की लाइक करण्याआधी गाडीवानाचा हात बघा.