थोडक्यांतला नाच

भगवानदादांच्या नाचास नाच म्हणावें कीं नाहीं, हा प्रश्न जाणत्यांनीं बहुधा हंसून सोडून दिला आहे. ‘अलबेला’ (१९५१) या बोलपटांतील गाण्यांस प्रेक्षक पायानें ताल धरतो, आणि घरीं परतल्यावर त्याच आनंदास ‘गंमत’ असें हलकें नांव देतो. हा न्याय नव्हे.

भगवान आभाजी पालव (१९१३–२००२) यांस निसर्गानें नर्तकाचा देह दिलाच नव्हता. ठेंगणी, भरदार अंगलट आणि कसरतीनें घडलेले खांदे. मारधाडीच्या चित्रपटांस तें सारें शोभून दिसे. १९४२ सालीं एका चित्रीकरणांत त्यांच्या हातची थप्पड ललिता पवारांस इतक्या जोरानें लागली कीं त्यांचा डावा डोळा कायमचा अधू झाला. असा हा हात! ‘अलबेल्या’मध्यें तोच हात कोपरांत वांकवून सैल सोडलेला दिसतो, आणि त्यांतला जोर कोठें गेला तें कळत नाहीं.

शेजारीं गीता बाली आहे; चपळ, खेळकर, डोळ्यांनीं बोलणारी. सी. रामचंद्रांच्या संगीतांत बोंगो घुमतो आहे. दुसरा एखादा नट अशा वेळीं तिची बरोबरी करूं पाहता व उघडा पडता. भगवान त्या फंदांत पडत नाहींत. पाऊल जमिनीवरून जेमतेम सुटतें, गुडघे थोडे लवतात, खांदे झुलतात. गिरकी नाहीं, उडी नाहीं. ठेका मात्र सुटत नाहीं. देहास जें झेपणार नाहीं तें त्यांनीं लपविलें नाहीं, सरळ वगळलें. उरलें त्यांत हस्तक व तत्कार शोधणाऱ्या कथकाच्या अभ्यासकास कांहीं सांपडणार नाहीं, लय सांपडेल.

पुढें या काटकसरीची छाप बनली, हा दोष खराच. ‘झमेला’ (१९५३) मध्यें तीच जोडी व तेच संगीतकार असूनही नवलाई उरली नाहीं. उत्तरायुष्यांत तर लहानसहान भूमिकांत त्यांस तींच चार पावलें टाकावीं लागलीं. परंतु अमिताभ बच्चन यांच्यासारख्या उंच नटानें हीच चाल उचलली व ती तेथेंही शोभली, तेव्हां ती एका ठेंगण्या माणसाची निव्वळ लकब नव्हती हें उघड झालें. गणपतीची मिरवणूक हिंगोलीची असो वा गिरगांवची, जन्मांत कधीं नाच न शिकलेला एखादा पोक्त गृहस्थ ढोल ऐकून हात वर करतो, जागच्या जागीं खांदे हलवूं लागतो, तो भगवानदादांचाच नाच नाचत असतो. बायकामुलांस त्या वेळीं हंसूं येतें. त्यास येत नाहीं.