गोटमारीच्या कथेतली मुलगी

पोळ्याच्या करीला पांढुर्णा आणि सावरगाव यांच्या मधोमध जाम नदीत गोटमार होते. तिची कथा तिगावातल्या पोरासोरांनाही पाठ आहे. पांढुर्ण्याचा मुलगा सावरगावची मुलगी घेऊन निघाला, नदीच्या मध्यावर गोटे बरसले, दोघेही तिथेच गेले. कुणी सांगते, गोटे एकाच काठावरून आले; कुणी म्हणते, दोन्ही काठांवरून.

वाङ्मय म्हणून पाहिले तर या कथेत एक मोठी उणीव आहे. मुलगी तोंडच उघडत नाही. मुलगा तिला 'नेतो', गाव तिला 'अडवते'. ती आपल्या पायांनी निघाली, असे कुणीच सांगत नाही. दरवर्षी तर नदीत पळसाचे झाड उभे राहते आणि झुंज होते ती त्यावरच्या झेंड्यासाठी!

नागराज मंजुळे यांच्या 'सैराट'ने (२०१६) ही उणीव भरून काढली. आर्ची बुलेट चालवते, बोलते, निर्णय घेते. घात मात्र माहेरची भेट घेऊन आलेल्या भावाकडूनच होतो.

सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली लता सिंह खटल्यात बजावले, की लग्न पसंत नसेल तर आईबापांनी फार तर संबंध तोडावेत. धमकी, मारहाण चालणार नाही. दोन सज्ञान माणसांची संमती असली की घराण्याची वा जमातीची परवानगी लागत नाही, हे २०१८ साली त्याच न्यायालयाने स्पष्ट केले. कायदा जिच्या संमतीला इतके मोल देतो, तिला आपल्या कथेने काही विचारलेलेच नाही.

आपल्या भागातल्या एखाद्या लेखिकेने ही कथा सावरगावच्या घरातून, तिच्याच तोंडून लिहावी. नदी अगदी शेवटी आली तरी चालेल.