'हायपेरियन'मधील कालसमाध्या : स्मारक व स्मृती

स्मारक गतकाळाची खूण असते, हे आपले गृहीत डॅन सिमन्स यांच्या 'हायपेरियन' (१९८९) या कादंबरीत उलटले आहे. तिच्यातील कालसमाध्या भविष्यातून भूतकाळाकडे सरकतात. 'स्फिंक्स' या समाधीत संशोधन करणारी पुरातत्त्वज्ञ रेचल अपघातानंतर दिवसागणिक लहान होत जाते. रोज एका दिवसाची स्मृती पुसली जाते. भूतकाळ उकलणे हाच जिचा व्यवसाय, तिचाच भूतकाळ वास्तू गिळते. रोज सकाळी तिला सत्य सांगावे की लपवावे, हा आईवडिलांपुढील पेच कादंबरीतील कोणत्याही युद्धवर्णनापेक्षा अधिक हादरवतो, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

'द फॉल ऑफ हायपेरियन' (१९९०) मध्ये श्राइकच्या प्रासादात बळींची शरीरे निश्चेष्ट पडलेली असून कवटीला जोडलेल्या तारांनी त्यांची मने काटेरी वृक्षावरील यातनांत जखडलेली आढळतात. प्रतिमा प्रभावी आहे. मात्र समाध्यांचे मूळ भावी संघर्षात दाखवून सिमन्स त्यांचे गूढ साधनाच्या पातळीवर आणतात. रेचलच्या कथेत समाधी कशासाठी आहे हे ठाऊक नव्हते; म्हणूनच सॉलचा पितृशोक कोणत्याही हेतूच्या आधाराविना उभा होता.