अक्षराची अट आणि लोकांचे राज्य

१० डिसेंबर २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ‘राजबाला विरुद्ध हरियाणा राज्य’ या खटल्याचा निकाल दिला. पंचायतीची निवडणूक लढवायची तर उमेदवार दहावी उत्तीर्ण हवा, अशी अट हरियाणाने त्या वर्षी घातली होती. स्त्रिया आणि अनुसूचित जातींसाठी ती आठवीची होती, आणि पंच होऊ पाहणाऱ्या अनुसूचित जातीच्या स्त्रीसाठी पाचवीची. न्यायालयाने ही अट वैध ठरविली. निकालपत्रातही माणसाविषयीची एक कल्पना असते. म्हणून कथा-कविता वाचताना आपण विचारतो तोच प्रश्न इथेही विचारला पाहिजे: या मजकुरात माणूस म्हणून कोणाला धरले आहे आणि कोणाला वगळले आहे?

निकालाचा युक्तिवाद प्रथम नीट समजून घेऊ. मत देणे आणि निवडणूक लढविणे हे घटनात्मक हक्क आहेत, हे न्यायालयाने मान्य केले. परंतु पंचायतीच्या उमेदवाराची पात्रता-अपात्रता ठरविण्याचा अधिकार घटनेनेच विधिमंडळाला दिला आहे, आणि कायदा मनमानी आहे एवढ्याच कारणाने तो रद्द करता येत नाही, असे त्याचे म्हणणे. इथपर्यंत ही कायद्याची चर्चा आहे. पुढे मात्र न्यायालय सांगते की, योग्य-अयोग्य आणि बरे-वाईट यांतला भेद माणसाला शिक्षणामुळेच कळतो. खरा वाद या विधानाशी आहे.

या विधानाला बाबासाहेबांनी शहाऐंशी वर्षे आधीच उत्तर देऊन ठेवले होते. सायमन कमिशनबरोबर काम करण्यासाठी नेमलेल्या मुंबई प्रांतिक समितीचे ते सदस्य होते. सहकाऱ्यांशी मतभेद झाल्याने १७ मे १९२९ रोजी त्यांनी आपला स्वतंत्र अहवाल दिला आणि त्यात प्रौढ मताधिकाराची मागणी केली. मतदाराला साक्षरतेची अट घालणारे दोन चुका करतात, असे ते दाखवून देतात. निरक्षर माणूस बुद्धीनेही कमीच असणार हे गृहीत धरणे ही पहिली, आणि अक्षरओळख झाली की समज आपोआप वाढते असे मानणे ही दुसरी. राजबाला निकालात या दोन्ही चुका आहेत.

बाबासाहेब मतदाराविषयी बोलत होते आणि निकाल उमेदवाराविषयी आहे, असा आक्षेप कोणी घेईल. पण ज्या वस्तीला मत देता येते आणि स्वतःचा माणूस उभा करता येत नाही, तिच्या वाट्याला दुसऱ्याने निवडलेल्यांतून एक निवडणे एवढेच उरते. शिवाय आमदार-खासदार व्हायला अशी कोणतीही अट नाही. मग गावगाड्याच्या तळाशीच ही चाळणी का लावली?

ज्या चळवळीच्या नावावरून १९७२ साली आपल्या तरुणांनी ‘दलित पँथर’ हे नाव घेतले, तिच्या देशातही ही चाळणी होती. अमेरिकेच्या दक्षिणेत मतदार होण्यासाठी साक्षरतेची परीक्षा द्यावी लागे. वरवर ती सर्वांना सारखी होती. प्रत्यक्षात ती काळ्यांना बाहेर ठेवण्यासाठी वापरली जाई. १९५९ साली तेथील सर्वोच्च न्यायालयानेही अशी परीक्षा घटनेत बसते असे म्हटले. सेल्मा येथे मोर्चेकऱ्यांची डोकी फुटली, आणि ६ ऑगस्ट १९६५ रोजी झालेल्या मताधिकार कायद्याने त्या राज्यांतल्या परीक्षा थांबविल्या. पुढच्याच वर्षी न्यायालयाने तो कायदा उचलून धरला. मात्र २०१३ साली त्याच न्यायालयाने जुन्या भेदभावी राज्यांवर देखरेख ठेवणारे कलम निकामी केले. मिळालेला हक्कही राखावा लागतो, हा त्यातला धडा आहे.

महाराष्ट्राने हरियाणाकडे बोट दाखवू नये. २०१७ साली सरपंचाची थेट निवडणूक आणताना आपल्या विधिमंडळानेही अट घातली: १ जानेवारी १९९५ रोजी वा त्यानंतर जन्मलेला उमेदवार सातवी उत्तीर्ण असावा. फार थोडी अट, असे सुशिक्षितांना वाटते. मलाही वाटले असते.

आमच्या बोरीच्या परिसरातून दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला बिऱ्हाडे निघतात. आमचेही निघत असे. मी थोरला, म्हणून आजीपाशी राहिलो आणि शिकलो. घराण्यातला पहिला पदवीधर झालो, आज कॉलेजात शिकवतो. माझी धाकटी बहीण १९९७ ची. पाचवीनंतर आईबापांनी तिला लहान भावंड सांभाळायला फडावर नेले. तिच्या सासरच्या गावी सरपंचपद अनुसूचित जातीच्या स्त्रीसाठी राखीव निघाले, तेव्हा बचतगटातल्या बायांनी तिचेच नाव घेतले. गटाचा हिशेब तिला तोंडपाठ असतो. ती मला म्हणाली, “दादा, कोयता हातात दिला तवा कुणी सातवीचं इचारलं न्हाई.” मला उत्तर देता आले नाही. माझ्या पदवीत तिची बुडालेली शाळा आहे.

चौदा वर्षांपर्यंतच्या प्रत्येक मुलाला मोफत व सक्तीचे शिक्षण दहा वर्षांत देण्याचा प्रयत्न राज्य करील, असे घटनेने १९५० साली सांगितले. ती मुदत १९६० साली संपली. शिक्षण मूलभूत हक्क व्हायला २००२ ची घटनादुरुस्ती यावी लागली. कर्तव्य चुकले राज्याचे आणि अपात्र ठरली ती! ज्यांच्या पिढ्यांना अक्षर शिवू दिले नाही त्यांनाच आता अक्षर येत नाही म्हणून उंबऱ्याबाहेर ठेवायचे, ही रीत आपल्या ओळखीची आहे. फक्त तिची भाषा बदलली आहे.

राजस्थानने अशी अट २०१९ साली रद्द केली. महाराष्ट्रालाही ते करता येते. २०१७ मध्ये तोंडी तलाकच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानेच म्हटले की, उघडउघड मनमानी असलेला कायदा समानतेच्या तत्त्वापुढे टिकत नाही. त्या कसोटीवर राजबाला निकाल पुन्हा तपासायला लावणे हे आपल्यातल्या शिकलेल्यांचे काम आहे. ‘शिका’ हा बाबासाहेबांचा आदेश न शिकलेल्यांना हाकलण्यासाठी वापरला जात असताना आपण पदवीधर गप्प बसलो, तर त्या अपराधात आपलाही वाटा असेल.