रीत सांगावी कशी?

२००१ साली निघालेल्या इंग्रजी विकिपीडियाच्या चर्चापानांवर एक वाद पुन्हा पुन्हा पेटतो : अल्गोरिदम, म्हणजे उत्तर काढण्याची रीत, वाचकाला सांगावी कशी? एक संपादक म्हणतो, खरा प्रोग्राम द्या. चालवून पाहता येतो. दुसरा विचारतो, पायथॉनच का, जावा का नको? तडजोड म्हणून येतो स्यूडोकोड. यंत्राला न कळणारी ही लटकी भाषा! ती निःपक्षपाती म्हणवते. आम्हाला तर ती प्रोग्रामवाल्यांचीच बोली वाटते.

युक्लिडची मसावि काढण्याची रीत घ्या. ४८ ला १८ ने भागा, बाकी १२. १८ ला १२ ने, बाकी ६. १२ ला ६ ने, बाकी शून्य. म्हणून मसावि ६. एवढे आधी सांगितले, तर पाटीवर भागाकार करणारी मुलगीही रीत ओळखते. कोड त्याखाली खुशाल यावा. एक संख्या मुळातच शून्य असली तर काय, ही शंका कोड लिहितानाच सुचते. तेवढे श्रेय त्याचे.